हुस्नबानोची कोरडी थू

थुंकण्यात शिकायचं काय असतं, असं मीही म्हणायचे. मग अठरा वर्षं एका बाईच्या शेजारी बसले तेव्हा कळलं, की थू आणि थू यांत जमीन-अस्मानाचा फरक असतो, आणि ज्याला तो कळत नाही त्यानं निदान तोंड मिटून बसावं. आमच्या गावात नेमकं उलटं झालं. गाव एरंडोलपासून अर्ध्या तासावर आहे. नाव सांगत नाही, आधीच पुरेशी छी-थू झालीय त्याची.

मी सुलक्षणा, तिथल्या अंगणवाडीची सेविका. निवृत्तीला दोन वर्षं राहिलीत. आणि जिची गोष्ट सांगतेय ती हुस्नबानो, आमच्या गावची मन्यारीण, बायकांना बांगड्या भरणारी. माहेर नशिराबादचं, म्हणून बोलणं आमच्यापेक्षा थोडं वेगळं. नवरा नूर महंमद हातगाडीवर बांगड्या विकायचा. तो गेला तेव्हा तिनं गाडी काढून टाकली आणि गाठोडं बांधून पाठीवर घेतलं. माळी गल्ली, पाटील वाडा, मोहल्ला, मारवाड्यांची पेठ, तिला कुठंच उंबरा आडवा आला नाही. गावातल्या बायकांच्या मनगटांचं माप तिला तोंडपाठ. कुणाची बांगडी आता सैल होऊ लागली, म्हणजे त्या घरात काहीतरी बिनसलंय, हे तिला सासूच्या आधी कळायचं.

लग्नाचा चुडा तर तिच्याच हातून. चुडा भरून झाला की नवरीची हनुवटी धरून तोंड वर करायची, डोळे भरून बघायची, आणि तिच्या डाव्या खांद्यावरून तीनदा, थू, थू, थू. नजर लागू नये म्हणून. नव्या बाळाला तसंच, पहिल्यांदा व्यालेल्या म्हशीला तसंच. एकदा पाटलांच्या नव्या ट्रॅक्टरलाही केली होती, आणि पाटलानं हौसेनं करून घेतली होती.

ती थू कोरडी असायची, हे आधी नीट ऐकून घ्या. जिभेचं टोक ओठाला लागायचं, आवाज यायचा, बस. थेंब पडत नसे. थेंब पडला तर ती थू नव्हे, ती घाण, असं ती स्वतःच सांगायची. एकदा केंद्रावर कुणी आलेलं नव्हतं, तर ही बाई मला थूचे प्रकार शिकवायला बसली. भांडणातली थू घशातून येते, अख्खा घसा खरवडून, आक् थू. तंबाखूवाल्याची नुसती पिचकारी, तिला काही अर्थ नसतो, भिंतीलाच तेवढा त्रास. कुणाची लाज काढायची तर आधी छी लागते, नुसत्या थूनं भागत नाही. "आन् लेकराची थू ओठावरून येते, सुलू. जिथून मुका निघतो ना, तिथूनच," ती म्हणाली आणि मला करून दाखवायला लागली.

मी विचारलं, आवडत्या लेकरावर थुंकायचं कशाला मुळात. तर म्हणे, एवढं गोड पोरगं पाहिलं की कुणाचा तरी जीव त्याच्यावर जातोच. मग आपणच आधी म्हणून टाकायचं, थू, काही नाही ह्याच्यात, नेण्यासारखं काही नाही, चल पुढं. मला हसू आलं होतं. मी असलं काही मानत नाही. सरकारनं मला तिथं बसवलंय ते असलं काही न मानण्यासाठीच.

आमची ओळखच मुळी भांडणातून झाली. अठरा वर्षांपूर्वी लसीकरणाच्या दिवशी नर्सबाईनं एका बाळाला सुई टोचली, ते किंचाळलं, आणि ही कुठून तरी गाठोड्यासकट आत आली नि त्याच्यावर थू थू करायला लागली. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. हे सरकारी केंद्र आहे, इथं जंतू पसरवू नका, असं मी चार बायकांदेखत बोलले. ती शांतपणे म्हणाली, "तुह्या सुईनं पोरगं रडलं, माह्या थूनं गप झालं. तू तुहं काम कर बापा, मी माहं करते." पोरगं खरंच गप झालं होतं. त्याचा मला जास्तच राग आला.

पण पुढच्या महिन्यात केंद्रावर चिटपाखरू नाही. घरोघर फिरले तर बायका विचारतात, हुस्नबानो बसणार आहे का, नसेल तर आम्ही नंतर येतो. मोहल्ल्यातही तेच आणि पाटील वाड्यातही तेच. नर्सबाई वैतागून बसलेली, बर्फाच्या डब्यात औषध तसंच पडलेलं. शेवटी मीच नाक मुठीत धरून तिच्या घरी गेले. म्हणाले, "अक्का, चला." ती चप्पल घालता घालता म्हणाली, "अक्का म्हणतीस तर अहो-जाहो कशाला करतीस?"

तेव्हापासून आमची पद्धतच पडली. तारीख मी तिला सांगायची आणि ती बांगड्यांबरोबर ती तारीख गल्लीगल्लीत पोचवायची. "मंगळवारी सुई आहे, मी बसणार." मंगळवारी दाराबाहेर कडुनिंबाखाली माझ्या हातानं सतरंजी टाकायची मी. आत सुई, बाहेर थू. बाळाला थू झाल्याशिवाय कुणी घरी जायचं नाही, त्यामुळं सुईनंतर सगळ्यांना अर्धा तास थांबवायचं असतं, ते आपोआप व्हायचं. एकही लेकरू सुटत नसे. तालुक्यात माझं केंद्र पहिलं आलं. एरंडोलला मला आदर्श सेविकेचा सत्कार मिळाला, शाल, श्रीफळ, फोटो. स्टेजवर मला विचारलं, हे कसं जमवलं. मी म्हणाले, जनजागृती. ती त्या दिवशी आमच्या घरी येऊन मला थू थू करून गेली.

आता पेठेतल्या लखीचंद शेठच्या घराचं सांगते. त्यांची बायको सायरबाई, सून पलक. पलकला दोन वेळा दिवस गेले आणि दोन्ही वेळा वाया गेले. तिसऱ्यांदा मुलगा झाला, रोनक. सायरबाई स्वतः, दुकानाच्या मागची गल्ली ओलांडून, हुस्नबानोच्या दारात गेली होती. मी तिथंच बसले होते, माझ्या डोळ्यांदेखतची गोष्ट. पदर पसरून म्हणाली, तुझी सात पोरं जगली, तुझ्या तोंडात बरकत आहे, माझ्या पोत्याला, या नातवाला, वर्षभर तूच थू करायची. तुझी थू झाल्याशिवाय आम्ही त्याला उंबऱ्याबाहेर काढणार नाही. आणि ही वेडी वर्षभर, ताप असला तरी, पेठेत जायची. लखीचंद शेठ गादीवरून उठून तिला वाट द्यायचे.

रोनकला मोठं इंजेक्शन द्यायचं होतं तो मंगळवार. त्या दिवशी पाऊसपाणी नव्हतं पण वारा फार होता, म्हणून मीच अक्काला आत बोलावलं. मीच. दाराजवळच्या कोपऱ्यात, जिथं मुलांच्या खिचडीचं पातेलं ठेवलेलं असतं, त्याच्या अलीकडं बसवलं. पलकनं मोबाईल काढला. सासरच्या माणसांना दाखवायला, माहेरी पाठवायला, बाळाचं प्रत्येक शिंकणं ती काढायची. रोनक रडला, अक्कानं त्याची हनुवटी धरली, तीनदा थू केली, तो तिच्या नाकाकडं बघून हसला. पलकनं ते स्टेटसला ठेवलं. खाली लिहिलं होतं, आमच्या राजाची नजर उतरवणारी अम्मा.

चार दिवसांनी ते माझ्याच मोबाईलवर परत आलं. सात सेकंदांचं. बाळ कापून टाकलेलं. नुसता अक्काचा चेहरा, थू, थू, थू, आणि तोंडासमोर पातेलं. वर लाल अक्षरांत, अंगणवाडीच्या खिचडीत थुंकणारी बाई पकडली गेली, हिंदू बंधूंनो जागे व्हा. कुणी कापलं ते आजवर कळलं नाही. कळून काय करणार होतो, तोवर अख्ख्या जिल्ह्यात फिरून झालं होतं.

दुसऱ्या दिवशी माझ्याकडं खिचडीला तीन मुलं. दारात बाया जमल्या. ज्यांच्या हातात अक्कानं चुडा भरला त्या बाया मला विचारतात, "ती म्हातारी खिचडीमा थुकस, खरं शे का?" एक जण म्हणाली, बांगडी चढवताना हाताला ती तेल लावते म्हणे, ते तेल नसेलच. मी म्हणाले, अगं बायांनो, तुमच्या पोरांच्या अंगावर तिनं वर्षानुवर्षं थू केली, तुम्ही रांगा लावून करून घेतली. तर सगळ्या एकमेकींकडं बघायला लागल्या. तोंडात मिठाच्या गुळण्या धरल्यासारख्या निघून गेल्या.

मी तडक पेठेत गेले. पलककडं पूर्ण व्हिडिओ होता, तो दाखवला की विषय मिटत होता. त्यात बाळ होतं, बाळाचं हसणं होतं, पातेल्यावर झाकण होतं. सायरबाईनं मला आत बसवलं, थंडगार पाणी दिलं आणि म्हणाली, "सुलक्षणाबाई, तो तर डिलीट केला. शेठ म्हणाले, आपलं दुकान रस्त्यावर आहे." पलक आतल्या खोलीच्या दारात उभी होती, मोबाईल तिच्या हातातच होता. मी म्हणाले, पलक, तुझ्या पोरासाठी ती बाई तापात उठून आली. तिनं मोबाईल पाठीमागं नेला. मग मी जे बोलायचं ते बोलले. म्हणाले, बाळ तुमच्या नवसाचं आणि बदनामी त्या बिचारीची, केसानं गळा कापला तुम्ही तिचा. पदर पसरला होतात ना तिच्यापुढं, आता तो तोंडावर घ्या. सायरबाई रडली, पण व्हिडिओ काही निघाला नाही. मी पेठेतून येताना गल्ली ऐकेल अशा आवाजात त्यांच्या उंबऱ्याकडं बघून थुंकले. ती कोरडी नव्हती.

अक्का घरी गाठोडं सोडून बसली होती. बांगड्या रंगाप्रमाणं लावून ठेवत होती, जसं काही उद्या निघायचंच आहे. मी सांगितलं पेठेत काय झालं. ती म्हणाली, "जाऊ दे. त्याहिले दुकान आहे. तू आहेस ना."

माझी खरी गोष्ट इथून सुरू होते, आणि मला ती सांगायची नव्हती.

ग्रामसभा ठरली. सरपंच तसा वाईट माणूस नाही, मला रस्त्यात थांबवून म्हणाला, "ताई, तुम्ही फक्त लिहून द्या, की ती बाई तुमच्या बोलावण्यावरून बसायची, बाळांची नजर काढायची, खिचडीला तिचा हात लागत नव्हता. सरकारी सही आहे तुमची. मी वाचून दाखवतो आणि गावातल्या भडकलेल्या पोरांना गप करतो. नाहीतर ते म्हणताहेत, तिला गल्लीत फिरू द्यायचं नाही, बाजारात बसू द्यायचं नाही." एवढं साधं होतं. तीन ओळी. अठरा वर्षांत तिनं माझ्यासाठी पायपीट केली, आणि मला तिच्यासाठी तीन ओळी लिहायच्या होत्या.

सभेच्या आदल्या दिवशी आमच्या पर्यवेक्षिका बाई आल्या. दार लावून बसल्या. म्हणाल्या, सुलक्षणाताई, लसीकरणाच्या जागी तुम्ही नजर काढणारी बाई बसवत होता, असं तुमच्या सहीनं लिहून देणार का? अंधश्रद्धा पसरवली म्हणून पहिली नोटीस तुम्हालाच येईल. आदर्श सेविका आहात तुम्ही, पेपरात येईल. दोन वर्षं राहिलीत, गप काढा की. त्यांनी धमकी दिली असं मी म्हणणार नाही. त्यांच्याही वर कुणी होतं. आमच्या खात्यात प्रत्येक जण वरच्याची थुंकी झेलत असतो, आणि मी त्यात तरबेज आहे.

त्यांनी सांगितलं ते मी लिहिलं. "सदर महिलेचा अंगणवाडी केंद्राशी कोणताही संबंध नाही. ती केंद्राजवळ स्वतःहून येऊन बसत असे." ही दोन वाक्यं त्यांची. मग माझा हात थांबला नाही. मी पुढं लिहिलं, "माझी तिच्याशी वैयक्तिक ओळख नाही." हे मला कुणी सांगितलं नव्हतं. आजवर मी स्वतःला विचारतेय, हे कशाला लिहिलंस गं भवाने. भीतीनं लिहिलं, दुसरं काय. पर्यवेक्षिका बाईंनीसुद्धा वाचून एकदा माझ्याकडं पाहिलं.

ग्रामसभेत सरपंचानं तो कागद उघडला. त्याला वाटलं होतं मी त्याला सांगितलेलंच लिहिलंय. पहिलं वाक्य वाचताना त्याचा आवाज मोठा होता, दुसऱ्याला तो अडखळला, तिसरं त्यानं कसंबसं वाचलं. मागं बायकांत अक्का उभी होती. नात आरिबाचा हात धरून आली होती, स्वच्छ ओढणी घेऊन, मला धीर द्यायला आल्यासारखी. मी तिच्याकडं बघणार नाही असं ठरवलं होतं, पण नजर गेलीच. ती रागानं बघत नव्हती. मला अजून काही बोलायचं असेल, अशी वाट बघत होती. मी पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिले. पोरांनी टाळ्या वाजवल्या, पलीकडं कुणीतरी घसा खाकरून थुंकलं, आणि ती आरिबाला घेऊन निघून गेली.

त्यानंतर तिची बांगडी गावात विकली गेली नाही. जन्मात कधी तोंड झाकलं नव्हतं तिनं, ती आता बुरख्यात एसटीनं धुळ्याकडच्या बाजारांना जाते, जिथं तिला कुणी ओळखत नाही. कुणाच्या लेकराला थू करत नाही म्हणे. लसीकरणाच्या दिवशी कडुनिंबाखाली मी सतरंजी टाकत नाही, आणि पोरं कमी झालीत. ते मी रजिस्टरला काय ते बघून घेते. सायरबाई मला बाजारात दिसली तर मान डोलावते. पूर्वी मी तिच्या दारात थुंकले होते. आता आम्ही दोघी एकमेकींना मान डोलावतो.

माझ्या मुलाला, नवलला, या माघात मुलगी झाली. अडीच महिन्यांची झाली तेव्हा सुई दिली. दोन दिवसांनी ताप उतरला तरी रडणं थांबेना. डॉक्टरनं तपासलं, काही नाही म्हणाला. सून म्हणाली, आई, कुणाची तरी नजर असेल. मी तिला रागावले. मग दुपारी पोरीला दुपट्यात गुंडाळलं आणि सुनेला न सांगता निघाले. मी मानत नाही, हे सांगितलंच आहे. पण नवल नोकरीला निघाला तेव्हा तिनं थू केली होती, त्याच्या लग्नात केली होती. माझ्या घरातलं एक माणूस त्याशिवाय राहील, हे मला सहन होईना. आणि खरं सांगू, पोरीच्या आडून मला तिच्या घरात शिरायचं होतं.

दार तिनंच उघडलं. "या बाई," म्हणाली. अठरा वर्षांत ती मला कधी या म्हणाली नव्हती, बाई तर नाहीच. खुर्ची पुढं केली, पाण्याचा तांब्या ठेवला, आणि स्वतः उभी राहिली.

मी म्हणाले, "अक्का, नवलची पोरगी. रडणं थांबत नाही हिचं."

तिनं दुपट्यात डोकावून पाहिलं. तिचे ओठ हलले, मी शपथेवर सांगते, हलले. हात हनुवटीकडं निघाला आणि अर्ध्या वाटेत तिनं तो परत घेतला, ओढणीत गुंडाळला.

"चुकलं माझं अक्का," मी म्हणाले. "माझ्या तोंडावर थुंक. हवं तशी थुंक. पण ह्या लेकराला..."

"तुमचा कागद मी आरिबाकडून दोनदा वाचून घेतला, बाई," ती म्हणाली. आवाज चढवला नाही, कुणाला तरी पत्ता सांगावा तसं बोलत होती. "ओळख नाही, असं त्याच्यात लिहिलेलं आहे. खाली तुमची सही आहे. बिनओळखीच्या लेकराले मी हात लावू, आन् उद्या त्याले ताप चढला, तर गावाले काय सांगू? माह्यासाठी लिहून देणारं कोणी नाही."

पोरगी रडतच होती. मी उठले. तिनं दार उघडून धरलं.

"ऊन लय आहे, तिच्या डोक्यावर पदर घ्या," म्हणाली, आणि मी पायरी उतरल्यावर कडी लावून घेतली.